राक्षस पाळणारी मुले

पोराने रस्त्यावरचे मांजराचे पिल्लू घरी आणले, की आई आधी कुरकुरते आणि दोन दिवसांनी तीच त्याच्यापुढे दुधाची वाटी ठेवते. हा अनुभव घरोघरचा आहे. पण समजा, त्या पोराने मांजराऐवजी निळ्या अंगाचे, चार हातांचे, दिसेल ते मोडून टाकणारे एखादे ध्यान आणले तर? २००२ साली ‘लिलो अँड स्टिच’ नावाचा कार्टून चित्रपट निघाला, त्याची कथा हीच आहे. हवाई बेटांवरची एक पोरकी मुलगी कुत्रा आणायला जाते आणि परग्रहावरचा एक उपद्व्यापी प्राणी घेऊन येते. थोरली बहीण कपाळाला हात लावते, आणि पाहणारी मुले मात्र त्या प्राण्याच्या प्रेमात पडतात. हे असे का होते, याचा थोडा मागोवा आज घेऊ.

अशा चित्रांचे मूळ बरेच जुने आहे. १९१४ साली अमेरिकेत विन्सर मॅके नावाच्या व्यंगचित्रकाराने हजारो चित्रे हाताने काढून ‘गर्टी’ नावाची एक डायनोसॉरीण पडद्यावर हलती केली. मॅके स्वतः पडद्यापुढे चाबूक घेऊन उभा राही आणि सर्कशीतल्यासारखे तिला हुकूम सोडी. ती कधी ऐके, कधी हट्ट करी. तो रागावला की ती चक्क रडे! घराएवढे जनावर लहान मुलीसारखे मुसमुसते आहे, हे पाहून प्रेक्षकांना तिची माया वाटू लागे. शेवटी मॅके पडद्यामागे जाई, त्याच क्षणी चित्रातला मॅके प्रकट होई आणि गर्टी त्याला पाठीवर घेऊन निघून जाई. पुढल्या शंभर वर्षांतल्या पाळीव राक्षसांची सारी बीजे या काही मिनिटांत आहेत.

पुढच्याच वर्षी, १९१५ साली, आपल्या दादासाहेब फाळक्यांनी ‘आगकाड्यांची मौज’ केली. त्यात आगपेटीतल्या काड्या नाचतात. कल्पकतेत आपण मागे नव्हतो, असे म्हणायला हरकत नाही. पण पुढे १९५६ साली मुंबईत फिल्म्स डिव्हिजनचा कार्टून विभाग निघाला. डिस्नेकडे काम केलेले क्लेअर वीक्स तिथे शिकवायला आले आणि १९५७ साली ‘द बनियन डिअर’ तयार झाला, तो जातककथेतल्या हरणावर. हरीण सुंदर, गुणी आणि उपदेशाला सोयीचे. विद्रूप, व्रात्य, कोणालाच नको असलेला प्राणी घरात घेण्याचे धाडस आमच्या कार्टूनवाल्यांना फारसे झाले नाही. आम्ही मास्तर लोकांनी सगळ्या गोष्टींत तात्पर्य शोधले, त्याचाही हा परिणाम असेल.

आणि नवल असे, की आपल्या दैवतकथांना हे धाडस पूर्वीच झालेले आहे. जेजुरीच्या खंडोबाची कथा घ्या. मणी आणि मल्ल हे दोघे दैत्य भाऊ. मणी हरल्यावर शरण आला, आपला पांढरा घोडा त्याने देवाला दिला आणि तुझ्या देवळात मला जागा दे, असा वर मागितला. देवाने ती दिली. कालपर्यंतचा दैत्य आज देवाच्या अंगणात आहे, आणि येणारा-जाणारा भाविक त्यालाही नमस्कार करतो. मुंबईच्या किनाऱ्यावरच्या कित्येक कोळी घरांचे कुलदैवत हाच खंडोबा आहे.

म्हणून हा विषय काढताना मला कफ परेडचे मच्छीमार नगर डोळ्यांपुढे येते. एका बाजूला उंच इमारती, दुसऱ्या बाजूला बॅकबेचे पाणी आणि काठाशी होड्या. या वस्तीत भय कधी गोष्टीपुरते नसते. ज्या दर्यावर पोट भरते तोच दर्या माणूस घेऊन जातो. शिवाय २६ नोव्हेंबर २००८ च्या रात्री मुंबईवर हल्ला करणारे रबरी होडीतून याच किनाऱ्याला लागले. तुम्ही कोण, असे त्यांना इथल्याच लोकांनी हटकले होते. परका प्राणी मनाने चांगलाच असतो, असे या वस्तीला कोणी सांगू गेले तर ते पटायचे नाही, आणि पटूही नये.

चांगले चित्रपट तसे सांगतही नाहीत. २०१० सालच्या ‘हाऊ टू ट्रेन युवर ड्रॅगन’मध्ये मुलगा आणि ड्रॅगन यांची ओळख कशी होते, पहा. मुलगा मासा पुढे करतो, तर ड्रॅगन गुरगुरतो, कारण त्याच्या कमरेला सुरी आहे. मुलगा सुरी फेकून देतो. ड्रॅगन मासा गिळतो, मग अर्धा परत ओकून मुलापुढे ठेवतो आणि तूही खा, म्हणून रोखून पाहत बसतो. बिचारा मुलगा तो कच्चा, बुळबुळीत घास गिळतो! मुले इथे हसून हसून लोळतात, पण माझ्या मते साऱ्या चित्रपटाचा जीव या प्रसंगात आहे. ड्रॅगनची शेपटी या मुलाच्याच हत्याराने तुटलेली असते, आणि तिच्या जागी कृत्रिम पर तोच बनवून बसवतो. नाही तर दोघांची जोडी जमती ना. मुलाच्या मनाचा विचार केला, तर घरात सगळे त्याच्याहून मोठे, सगळे त्याला सांगणारे. हा प्राणी मात्र बापाहूनही दांडगा आणि तरी त्याच्यावाचून अडलेला. कोणाला आवडणार नाही?

२०२२ सालचा ‘द सी बीस्ट’ तर दर्याचाच आहे. समुद्रराक्षस मारणाऱ्या जहाजावर एक अनाथ मुलगी लपून जाते. राक्षस माणसांना मारतात, असे तिने पुस्तकांत वाचलेले असते. पुढे कळते, की ही हकीकत राजसत्तेने आपल्या सोयीने लिहवून घेतलेली आहे. शिक्षकबंधूंनी हा चित्रपट जरूर पाहावा.

असे प्रत्यक्षात घडते का, असे तुम्ही विचाराल. आपल्या अरबी समुद्रातच घडले आहे. व्हेल शार्क हा जगातला सर्वांत मोठा मासा. नावात व्हेल असले तरी हा मुशीच्या कुळातला. लांबी तीस-चाळीस फूट, आणि खाणे मात्र समुद्रातले बारीक जीव अन् लहानसहान मासळी. सौराष्ट्राच्या किनाऱ्यावर गळाला रिकामी पिंपे बांधून त्याची शिकार होई, म्हणून तिथे त्याचे नावच ‘बॅरल’ पडले. यकृताचे तेल होड्यांना लावीत; पुढे मांस परदेशी जाऊ लागले आणि कत्तल वाढली. २००० साली माईक पांडे यांनी यावर ‘शोअर्स ऑफ सायलेन्स’ हा माहितीपट केला. २००१ साली कायद्याने माशाला संरक्षण मिळाले. परंतु भर समुद्रात कायदा पाहायला कोण असतो? २००४ साली तिथल्या वन्यजीव कार्यकर्त्यांनी मोरारी बापूंना पुढे केले. त्यांनी कोळ्यांना सांगितले, की ही माहेरी बाळंतपणाला आलेली लेक आहे. माशाचे नाव झाले ‘व्हाली’, म्हणजे लाडकी. बाळंतपणाला आलेल्या लेकीवर गळ कोण टाकील? पुढे त्याच किनाऱ्यावरच्या कोळ्यांनी आपली जाळी कापून शेकडो व्हेल शार्क सोडून दिले.

महाराष्ट्रातही डिसेंबर २०१८ पासून कांदळवन कक्ष आणि मत्स्यव्यवसाय विभाग यांची योजना आहे. व्हेल शार्क, कासव किंवा दुसरा संरक्षित जीव जाळ्यात सापडला आणि तो सोडण्यासाठी जाळे कापावे लागले, तर कोळ्याला २५,००० रुपयांपर्यंत भरपाई मिळते. पुरावा म्हणून सुटकेची छायाचित्रे काढावी लागतात. हे ऐकायला सोपे वाटते. पण जाळे हे कोळ्याचे भांडवल. ते कापले की त्या दिवसाची मासळी गेली, आणि भरपाईचे कागद पुरे होईपर्यंत नवे जाळे उधारीवर. डोलणाऱ्या होडीत एक जण वाकून दोर कापतो, दुसरा मोबाइल धरून उभा राहतो, आणि ते पांढऱ्या ठिपक्यांचे धूड हळूच शेपटी हलवून खाली जाते. मग होडी अर्धे जाळे घेऊन किनाऱ्याकडे वळते.