३६ संघ, एकच टेबल: चॅम्पियन्स लीगचा नवा फॉरमॅट नेमका चालतो कसा?

१७ सप्टेंबर २०२४ ची रात्र. म्युनिकमध्ये बायर्न म्युनिक विरुद्ध क्रोएशियाचा दिनामो झाग्रेब. हाफटाइमला बायर्न ३-० ने पुढे होता. सेकंड हाफ सुरू झाला आणि पाच मिनिटांत दिनामोने दोन गोल मारले. ३-२. मॅच पुन्हा जिवंत झाली होती.

पण मग हॅरी केन सुटला. त्याने एकट्याने मॅचमध्ये चार गोल मारले, त्यातले तीन पेनल्टीवर. शेवटचा स्कोअर ९-२. चॅम्पियन्स लीग या नावाने स्पर्धा सुरू झाल्यापासून एका मॅचमध्ये नऊ गोल करणारा बायर्न हा पहिलाच संघ. दिनामोच्या दृष्टीने ही फक्त एक हरलेली मॅच होती, अजून सात बाकी होत्या. त्या सातांमध्ये दिनामो चांगला खेळला. शेवटच्या मॅचमध्ये तर एसी मिलानला घरच्या मैदानावर २-१ ने हरवलं.

तरीही दिनामो बाहेर गेला, आणि त्याचं कारण चार महिन्यांपूर्वीच्या त्याच रात्रीत होतं. हे कसं झालं ते समजलं की नवा फॉरमॅट बऱ्यापैकी समजतो.

आधी काय होतं?

२००३-०४ ते २०२३-२४ असे २१ सीझन गणित सोपं होतं. ३२ संघ, चार-चार संघांचे आठ ग्रुप. ग्रुपमधल्या प्रत्येकाशी दोनदा खेळायचं, एकदा घरी, एकदा त्यांच्या घरी. सहा मॅच झाल्या की वरचे दोन संघ पुढे, तिसरा युरोपा लीगमध्ये, चौथा घरी.

अडचण अशी की मोठे संघ बऱ्याचदा चार मॅचमध्येच पुढे जायचे आणि उरलेल्या दोन मॅच नावापुरत्या व्हायच्या. शिवाय पहिल्या पॉटमधले संघ ग्रुपमध्ये एकमेकांसमोर येतच नव्हते. त्यातल्या बड्या लढती बघायला फेब्रुवारी उजाडायचा.

२०२४-२५ पासून ग्रुप गेले. आता ३६ संघ आणि सगळ्यांचं मिळून एकच टेबल. या टप्प्याला ‘लीग फेज’ म्हणतात.

३६ संघ, मग प्रत्येकाशी मॅच का नाही?

कारण वेळ नाही. ३६ संघांनी एकमेकांशी एकदा खेळायचं म्हटलं तरी प्रत्येकाला ३५ मॅच लागतील. म्हणून प्रत्येक संघ फक्त आठ मॅच खेळतो, आठ वेगवेगळ्या संघांशी. चार घरी, चार बाहेर. टेबल एकच असलं तरी प्रत्येकाची प्रश्नपत्रिका वेगळी असते. या फॉरमॅटवरचा सगळ्यात मोठा आक्षेपही हाच आहे आणि तो पूर्णपणे चुकीचा म्हणता येत नाही.

प्रश्नपत्रिका निदान सारख्या वजनाची असावी म्हणून पॉट आहेत. युरोपातल्या मागच्या पाच वर्षांच्या कामगिरीवरून ३६ संघ नऊ-नऊच्या चार पॉटमध्ये टाकतात. गतविजेता थेट पहिल्या पॉटमध्ये जातो. मग प्रत्येक संघाला प्रत्येक पॉटमधून दोन प्रतिस्पर्धी मिळतात, एक घरच्या मैदानावर, एक बाहेर. स्वतःच्या पॉटमधूनही दोन. म्हणजे तगड्या संघालाही दोन तगडे संघ वाट्याला येतातच. आणखी दोन अटी आहेत. आपल्याच देशातला संघ नको आणि दुसऱ्या कुठल्याही एका देशाचे दोनपेक्षा जास्त संघ नकोत.

पॅरिस सें जर्मेन, म्हणजे पीएसजीचं २०२४-२५ चं वेळापत्रक घ्या. पहिल्या पॉटमधून मँचेस्टर सिटी आणि बायर्न. दुसऱ्यातून अॅटलेटिको माद्रिद आणि आर्सेनल. तिसऱ्यातून पीएसव्ही आइंडहोवन आणि साल्झबर्ग. चौथ्यातून जिरोना आणि स्टुटगार्ट. इंग्लंडचे दोन, जर्मनीचे दोन, स्पेनचे दोन. अटींची मर्यादा काठोकाठ भरली.

या अटी ३६ संघांसाठी एकाच वेळी पाळायच्या तर चिठ्ठ्या हाताने काढत बसायला कित्येक तास लागतील. म्हणून ड्रॉमध्ये संघाचं नाव असलेला चेंडू हाताने काढतात आणि त्याचे आठ प्रतिस्पर्धी कॉम्प्युटर ठरवतो.

या पद्धतीला अनेक जण बुद्धिबळावरून ‘स्विस मॉडेल’ म्हणतात. बुद्धिबळातल्या खऱ्या स्विस पद्धतीत दर फेरीनंतर सारख्या गुणांच्या खेळाडूंची जोडी लावतात. इथे सगळ्या जोड्या स्पर्धेआधीच ठरलेल्या असतात. त्यामुळे हे नाव तितकंसं बरोबर नाही, पण आता ते चिकटलंय.

टेबल वाचायचं कसं?

जिंकलात तर ३ गुण, बरोबरी झाली तर १. आठ मॅच झाल्यावर टेबलमध्ये दोन रेषा महत्त्वाच्या ठरतात, एक आठव्या नंबरखाली आणि दुसरी चोविसाव्या नंबरखाली.

१ ते ८ थेट शेवटच्या १६ मध्ये. ९ ते २४ ना प्लेऑफ खेळावा लागतो. २५ ते ३६ स्पर्धेबाहेर, आणि आता युरोपा लीगची दुसरी संधीही नाही. जुन्या पद्धतीत तिसऱ्या नंबरवाल्याला मिळणारी ती गादी काढून घेतली.

गुण सारखे झाले तर? जुन्या ग्रुपमध्ये आधी आपसातल्या मॅचचा निकाल बघायचे. इथे बहुतेक संघ आपसात खेळलेलेच नसतात. म्हणून आधी गोलफरक, म्हणजे मारलेले वजा खाल्लेले गोल. मग एकूण मारलेले गोल, मग बाहेरच्या मैदानावर मारलेले गोल, मग एकूण विजय, मग बाहेरचे विजय. तरीही निकाल लागला नाही तर तुमच्या आठ प्रतिस्पर्ध्यांनी मिळून किती गुण कमावले ते बघतात. आयपीएलमध्ये नेट रनरेटवरून रात्री उशिरापर्यंत आकडेमोड करणाऱ्यांना यात काहीच नवं वाटणार नाही.

आता दिनामोकडे येऊ. आठ मॅचनंतर त्यांचे गुण ११. बेल्जियमच्या क्लब ब्रूजचेही ११. ब्रूजचा गोलफरक उणे ४, दिनामोचा उणे ७. ब्रूज २४ वा, दिनामो २५ वा.

बायर्नविरुद्धची ती मॅच बाजूला ठेवली तर दिनामोचा बाकी सात मॅचमधला गोलफरक बरोब्बर शून्य होता. सगळे उणे ७ एकाच रात्रीचे. त्या मॅचमध्ये ७७ व्या मिनिटापर्यंत स्कोअर ६-२ होता. तिथेच थांबला असता तर दिनामोचाही गोलफरक उणे ४ झाला असता आणि जास्त गोल मारल्यामुळे (दिनामो १२, ब्रूज ७) दिनामो पुढे गेला असता. हरलेल्या मॅचच्या शेवटच्या पंधरा मिनिटांत खाल्लेले तीन गोल, ज्यांना त्या रात्री कुणी फारशी किंमत दिली नसेल, त्यांनीच सीझन संपवला. म्हणूनच या फॉरमॅटमध्ये ४-० ने मागे पडलेला संघही जीव तोडून बचाव करताना दिसतो.

१८ मॅच एकाच वेळी

लीग फेजची शेवटची फेरी हा या फॉरमॅटचा सगळ्यात मजेदार भाग. सगळे ३६ संघ एकाच वेळी मैदानात उतरतात. २९ जानेवारी २०२५ ला पहिल्यांदा हे घडलं. फेरी सुरू होताना मँचेस्टर सिटी २५ वी होती. तिची मॅच नेमकी क्लब ब्रूजशी, आणि हाफटाइमला सिटी घरच्या मैदानावर ०-१ ने मागे. २०२३ चा चॅम्पियन त्या क्षणी स्पर्धेबाहेर होता. नंतर सिटीने ३-१ ने मॅच काढली आणि २२ वा नंबर गाठला. हरूनही ब्रूज २४ व्या जागी टिकला तो गोलफरकामुळेच.

याची दुसरी बाजूही आहे. लिव्हरपूलने पहिल्या सातही मॅच जिंकल्या होत्या. पहिल्या आठातली जागा पक्की झाल्यावर त्यांनी शेवटच्या मॅचला मुख्य खेळाडूंना विश्रांती दिली आणि आइंडहोवनमध्ये २-३ ने हरले. तळाला स्लोव्हान ब्रातिस्लावा आणि यंग बॉइज हे दोन्ही संघ आठच्या आठ मॅच हरले. म्हणजे नावापुरत्या मॅच संपलेल्या नाहीत, कमी झाल्यात.

प्लेऑफ आणि पुढचा रस्ता

प्लेऑफमध्ये ९ ते १६ नंबरचे संघ १७ ते २४ शी भिडतात. घरी एक, बाहेर एक, दोन्हींचे गोल मिळून निकाल. वरच्या नंबरवाल्याला दुसरी मॅच घरी मिळते. बाहेरच्या गोलला जास्त वजन देणारा नियम २०२१ मध्येच गेला. आता बरोबरी झाली की एक्स्ट्रा टाइम आणि मग पेनल्टी शूटआउट.

जोड्या मात्र मन मानेल तशा लागत नाहीत. ९ आणि १० ची गाठ २३ किंवा २४ शी, ११ आणि १२ ची २१ किंवा २२ शी, १३ आणि १४ ची १९ किंवा २० शी, १५ आणि १६ ची १७ किंवा १८ शी. यातला कोण कुणाला, एवढंच ड्रॉमध्ये ठरतं. त्यामुळेच ११ वा रिअल माद्रिद आणि २२ वी मँचेस्टर सिटी प्लेऑफमध्येच समोरासमोर आले आणि सिटी बाहेर गेली. देशाची अटही इथे संपते. पीएसजीला ब्रेस्त हा फ्रान्सचाच संघ मिळाला आणि पीएसजीने दोन मॅचमध्ये मिळून १०-० ने धुतलं.

पुढच्या फेरीतही हीच साखळी. पहिल्या दोन नंबरांना १५ ते १८ मधून आलेले विजेते मिळतात, ७ आणि ८ ला ९, १०, २३, २४ मधून आलेले. कागदावर पहिल्या नंबरला सोपा रस्ता. प्रत्यक्षात काय झालं?

पीएसजीने पहिल्या पाच मॅचमध्ये जेमतेम ४ गुण मिळवले होते. मग उरलेल्या तिन्ही जिंकल्या, त्यात सिटीविरुद्ध ०-२ वरून ४-२. नंबर आला १५ वा. टेबलमध्ये पहिल्या आलेल्या लिव्हरपूलला बक्षीस म्हणून तोच पीएसजी मिळाला. दोघांनी एकेक मॅच १-० ने जिंकली आणि अॅनफिल्डवर पेनल्टीमध्ये पीएसजीने बाजी मारली. पुढे अॅस्टन व्हिला, आर्सेनल आणि ३१ मे २०२५ ला म्युनिकच्या फायनलमध्ये इंटर मिलानवर ५-०. पंधरावा संघ चॅम्पियन, तेही १७ मॅच खेळून. जुन्या फॉरमॅटमध्ये चॅम्पियनला १३ मॅच पुरायच्या. त्या वर्षीच्या क्वार्टर फायनलमधले चार संघ पहिल्या आठातले होते आणि चार प्लेऑफ खेळून आलेले.

‘मग वर येऊन फायदा काय?’ हा प्रश्न साहजिकच उठला. २०२५-२६ पासून नियम वाढवला. पहिल्या चार संघांना क्वार्टर फायनलची आणि पहिल्या दोघांना सेमीफायनलची दुसरी मॅचही घरी मिळते. वरच्या संघाला कुणी हरवलं तर हा हक्क हरवणाऱ्याकडे जातो.

हे ३६ संघ येतात कुठून?

२९ थेट आणि ७ क्वालिफायर खेळून. पहिल्या चार देशांना चार-चार जागा, पाचव्याला तीन, सहाव्याला दोन, सातव्या ते दहाव्याला एकेक. गतविजेता आणि युरोपा लीगचा विजेता वेगळे. म्हणूनच प्रीमियर लीगमध्ये १७ वा आलेला टॉटनहॅम २०२५-२६ मध्ये इथे दिसला. शिवाय आदल्या सीझनमध्ये ज्या दोन देशांच्या संघांनी युरोपात सरासरी सगळ्यात चांगली कामगिरी केली, त्यांना एकेक जादा जागा मिळते. २०२४-२५ साठी ती इटली आणि जर्मनीला मिळाली, पुढच्या वर्षी इंग्लंड आणि स्पेनला. इंग्लंडचे एकदम सहा संघ झाले ते असे.

या जादा जागांना एक इतिहास आहे. मूळ प्रस्तावात त्यातल्या दोन जागा जुन्या कामगिरीच्या जोरावर बड्या क्लबांना देणार होते आणि आठऐवजी दहा मॅच होणार होत्या. हा प्रस्ताव एप्रिल २०२१ मध्ये मंजूर होण्याच्या आदल्याच दिवशी १२ श्रीमंत क्लबांनी वेगळी ‘सुपर लीग’ जाहीर केली. चाहते रस्त्यावर उतरले आणि ती काही दिवसांत कोसळली. मे २०२२ मध्ये युएफाने त्या दोन जागा बदलल्या आणि मॅच आठवर आणल्या.

पण मूळ मागणी, जास्त मॅच आणि जास्त पैसा, पूर्ण झालीच. स्पर्धेच्या मॅच १२५ वरून १८९ झाल्या. २०२४-२५ मध्ये लीग फेजला पोहोचल्याबद्दलच प्रत्येक क्लबला १ कोटी ८६ लाख युरो मिळाले. प्रत्येक विजयाचे २१ लाख, बरोबरीचे ७ लाख, आणि टेबलमधल्या प्रत्येक पायरीला किमान पावणेतीन लाख. बाहेर गेलेला संघही शेवटची मॅच का खेळतो, याचं उत्तर इथे आहे. जास्त मॅचचा भार खेळाडूंच्या पायांवर पडतो, ही तक्रार मात्र तशीच आहे.

भारतातून बघणाऱ्यांसाठी वेळेचं गणित असं: युरोपातल्या रात्री ९ च्या मॅच हिवाळ्यात इथे दीड वाजता सुरू होतात आणि तिकडे उन्हाळी वेळ लागू असताना साडेबाराला. त्या १८ मॅचची रात्रही इथे दीड वाजताच सुरू झाली होती. २०२६ ची बुडापेस्टमधली फायनल मात्र युएफाने तिथल्या संध्याकाळी ६ वर आणली, म्हणजे भारतात रात्री साडेनऊ.