निशाणी नांगर

पाडव्याच्या दिवशी आमच्या मिरजगावच्या पेठेत दोनचार जुन्या दुकानांतून अजूनही वहीपूजन होते. गादीवर नवी लाल वही उघडावयाची, पहिल्या पानावर कुंकवाचे स्वस्तिक काढावयाचे, ‘श्री’ लिहावयाची, हळकुंड-सुपारी ठेवावयाची आणि मग जुन्या वहीतल्या बाक्या नव्या वहीत पुढे ओढावयाच्या. लहानपणी मला या सोहळ्यातले पेढे तेवढे कळत. ‘बाकी पुढे ओढणे’ या तीन शब्दांत आमच्या मुलखाचा केवढा इतिहास दडलेला आहे, हे उमगायला चाळिशी उलटावी लागली. आणि तेही मला कोणा पंडिताने नव्हे, सत्तरी ओलांडलेल्या माझ्या आत्याने शिकविले.

आत्या आमच्याच आळीत राहते. श्रावणबाळ योजनेचे दरमहा १५०० रुपये तिच्या बँकेच्या खात्यात पडतात. त्यात तिचा चहा, तपकीर, गुडघ्याची गोळी आणि नातवाच्या हातावर ठेवावयाची नोट एवढे सगळे बसते. गेल्या ज्येष्ठात ती पासबुक पदराखाली धरून माझ्या ओट्यावर येऊन बसली. माझे शिक्षण दहावीच्या पुढे गेलेले नाही. बालवाडीतल्या पोरांना अक्षरे गिरवायला शिकवावी आणि रात्री कादंबऱ्या लिहाव्या, हा माझा व्यवसाय. परंतु आळीतल्या लोकांच्या लेखी मी ‘मास्तर’, म्हणजे कोणताही कागद वाचणारा माणूस.

“वाच बरं ह्ये,” आत्या म्हणाली. “माझ्या खात्याला कुठंतरी भोक पडलंय.”

भोक खरोखरच पडले होते. दर महिन्याच्या एका ठरावीक तारखेला २९९ रुपये. असे पाच महिने, एकूण १४९५. म्हणजे एका महिन्याच्या पेन्शनीत पाच रुपये कमी! चौकशीअंती उलगडा झाला तो असा: पुण्याला शिकणारा नातू सुट्टीत आला असता त्याने आत्याच्या मोबाईलवर सिनेमे दाखविणारे एक अ‍ॅप घेतले. ‘एका रुपयात सात दिवस’ अशी जाहिरात होती. पाहून झाल्यावर त्याने ते अ‍ॅप काढूनही टाकले. “काका, मी तर ते तेव्हाच डिलीट केलं,” तो फोनवर शपथेवर सांगत होता, आणि तो खोटे बोलत नव्हता. अ‍ॅप गेले होते. आत्याने दिलेली संमती तेवढी मागे राहिली होती.

“संमती तू दिलीस कधी?” मी विचारले.

“मी कशाला देतीय? पोरगं म्हणालं, आज्जे, चार आकडे दाब. दाबले.”

हे चार आकडे ऐकले आणि मला नांगर आठवला.

मराठी कागदपत्रांचा ज्यांना थोडाफार परिचय आहे त्यांना हा नांगर ठाऊक असेल. पूर्वी लिहितावाचता न येणारा कुणबी किंवा पाटील दस्तऐवजाखाली सही म्हणून नांगराची आकृती काढी, आणि लिहिणारा कारकून तिच्याशेजारी ‘निशाणी नांगर’ अशी अक्षरे घाली. मजकूर दुसऱ्याचा, हस्ताक्षर दुसऱ्याचे, शाई दुसऱ्याची. चार रेघा तेवढ्या त्याच्या. परंतु त्या चार रेघांनी त्याचे वावर बांधले जाई.

देशावरच्या रयतेला इंग्रजी अमलात रोख सारा भरावा लागे आणि वेळेला रोकड एका सावकारापाशीच असे. १८६१ ते १८६५ या वर्षांत अमेरिकेत यादवी माजली, तिकडचा कापूस विलायतेस जाईनासा झाला आणि आपल्याकडच्या कापसाला सोन्याचे मोल आले. सावकाराचा हात सैल सुटला. पुढे यादवी मिटली, भाव कोसळले, आणि १८६७ पासून काही तालुक्यांत सारा मात्र वाढविण्यात आला. कर्ज राहिले, कापसाचे मोल गेले. हे सगळे आपण शाळेत वाचलेले असते. शाळेत जी गोष्ट घाईने उरकतात ती निराळी आहे, आणि माझ्या मते सारी मेख तिच्यातच आहे.

१८५९ साली सरकारने मुदतीचा कायदा केला. साध्या कर्जखतावरची फिर्याद तीन वर्षांच्या आत लावली पाहिजे, त्यानंतर दावा चालणार नाही, असे त्यात ठरले. हेतू चांगला होता. व्याजाचा डोंगर वर्षानुवर्षे वाढू नये, रयतेची मान मोकळी व्हावी, हाच. परंतु सावकाराने या कायद्याकडे निराळ्या डोळ्यांनी पाहिले. तीन वर्षे भरत आली की तो कुळाला बोलावून घेई. जुन्या खताचे मुद्दल, त्यावर चढलेले व्याज, मधल्या काळातली उसनवारी, सगळ्याची बेरीज करून ती नव्या खतात मुद्दल म्हणून मांडी, आणि म्हणे, काढ नांगर. पुन्हा तीन वर्षांनी तेच. व्याजाचे मुद्दल, त्या मुद्दलाचे व्याज. जुने खत परत मिळेलच असा नेम नाही. भरलेल्या रकमेची पावती मिळेल असाही नाही. नांगर काढायला नकार दिला तर दावा, आणि तालुक्याच्या कोर्टात जाण्याची ज्याला धास्ती त्याच्यावर एकतर्फी हुकूमनामा. पुढे चौकशी झाली तेव्हा एका प्रकरणी १०० रुपयांच्या कर्जावर २००० हून अधिक रुपये व्याज लावल्याचे उघडकीस आले. रयतेला वाचविण्यासाठी घातलेली मुदत हीच रयतेच्या गळ्यातली कडी झाली, कारण दर मुदतीला खत आपोआप ताजे होऊ लागले.

सगळे सावकार असे होते असे मी म्हणत नाही. दुष्काळात त्याच गादीवरून बी-भरण मिळाले म्हणून जगलेली घराणी आमच्या भागात आहेत. परंतु दर तीन वर्षांनी ताज्या होणाऱ्या खताला सज्जन सावकाराचाही हात चटावतो.

१८७४ च्या अखेरीस शिरूर तालुक्यातील करडे गावाने सावकारांवर बहिष्कार घातला. त्यांच्या दुकानाची पायरी चढावयाची नाही, त्यांची कोणी सेवाचाकरी करावयाची नाही. पुढच्या वर्षी, १२ मे १८७५ रोजी, भीमथडी तालुक्यातील सुपे येथे भर बाजारात लोक उठले. दुकाने लुटली, वह्या आणि खते रस्त्यात आणून जाळली. तेथून हे लोण भीमा ओलांडून आमच्या जिल्ह्यात आले. त्या वेळचा हा अहमदनगर जिल्हा. २०२४ पासून त्याचे नाव अहिल्यानगर. श्रीगोंदे, पारनेर, नगर आणि आमचा कर्जत, एवढ्या तालुक्यांतून उठाव झाले. खुद्द मिरजगावातल्या जळालेल्या वहीची गोष्ट मी कोणाकडून ऐकलेली नाही, आणि नसलेली गोष्ट रचण्याचा धंदा मी कादंबरीपुरता राखून ठेवला आहे.

या दंग्यांत एक गोष्ट मोठी विलक्षण दिसते. संतापलेला जमाव, हाती काठ्या, समोर वर्षानुवर्षांचा वैरी. पण त्याचे प्राण घ्यावे हा लोकांचा हेतू नव्हता. त्यांना हवी होती खते. सावकाराने निमूटपणे खते काढून दिली की तेथे बहुधा हाणामारीची वेळ येत नसे. तो नकार देई तेथे घराला हात लागे. अडाणी म्हणून ज्यांची हेटाळणी होई त्या माणसांनी नेमके जाणले होते की आपले देणे आहे ते त्या कागदात. सावकार गाव सोडून गेला तरी कागद मागे उरतो. आत्याच्या मोबाईलवरून अ‍ॅप गेले आणि संमती उरली, ती तशीच.

सरकारने शिपाई आणि फौज आणून दंगे मोडले, पुष्कळांना शिक्षा ठोठावल्या, पण चौकशीसाठी एक कमिशनही नेमले. त्याचा अहवाल १८७८ साली ब्रिटिश पार्लमेंटपुढे गेला आणि १८७९ साली पुणे, सातारा, सोलापूर व अहमदनगर या चार जिल्ह्यांतील शेतकऱ्यांसाठी स्वतंत्र कायदा झाला. तो वाचताना मला राहून राहून नवल वाटले. खतावर नांगर आहे एवढ्यावर न्यायाधीशाने थांबू नये, खताच्या पाठीमागे जाऊन हिशेब मुळापासून तपासावा. शेतकऱ्याचे खत गावच्या रजिस्ट्रारसमोर लिहिले जावे, एरवी ते खरे धरू नये. पैसे भरले की पावती, वर्षाला हिशेबाचा उतारा, आणि मागेल त्याला पासबुक. होय, पासबुक! आत्या पदराखाली धरून आली होती त्या वस्तूच्या पाठीमागे सुप्याच्या बाजारातली ती होळी आहे. फिर्यादीची मुदतही कायद्याने वाढविली. वर्षे वाढली म्हणजे वारंवार खत ताजे करण्याचे निमित्त सरते.

एका बाबतीत आपण मराठ्यांनी फार ताठ होऊ नये. आमच्या पूर्वेस, जामखेड तालुक्यात, खर्डे आहे. तेथे मार्च १७९५ मध्ये निजामाशी झालेली लढाई आपण अभिमानाने सांगतो. भांडण होते चौथाई व सरदेशमुखीच्या थकबाकीचे. शेकडा २५ आणि वर १० अशी ही दरसालची वसुली. निजामाला ती बंद करावयाची होती, आणि बंद करण्याची खटपट करणाऱ्यावर आपण फौज घेऊन गेलो! असो.

माझ्या आजोबांच्या वेळी मासिकांची एक रीत असे. वर्गणी संपली की संपादक छापीत: नकार न आल्यास पुढील अंक व्ही. पी. ने पाठवू. तत्त्व तेच, गप्प राहिलात म्हणजे होकार. परंतु टपालवाला दारात उभा राही, पुडके हातात असे, आणि घरची माणसे म्हणत, “नको, परत पाठवा.” पैसे जाण्यापूर्वी कोणीतरी दाराशी येऊन विचारीत असे.

ही दाराशी येण्याची पायरी मोबाईलने पहिल्यांदा काढून घेतली. फोनवर सुरेल गाणे, राशिभविष्य, क्रिकेटचा धावफलक यांच्या नावाने बॅलन्स कापला जाई, ते दिवस आमच्या पिढीला आठवत असतील. २०१३ साली ट्रायने दोनदा संमती घेतल्याशिवाय अशी सेवा सुरू करू नये असा दंडक घातला. पुढे रिझर्व्ह बँकेने ठरावीक वेळाने आपोआप जाणाऱ्या पैशांसाठी नियम केले आणि १ ऑक्टोबर २०२१ पासून ते कसोशीने लागू झाले. संमती घेताना पूर्ण ओळख पटविली पाहिजे, पैसे जाण्याच्या किमान २४ तास आधी खातेदाराला निरोप गेला पाहिजे, आणि नको म्हणण्याची सोय असली पाहिजे. ३० नोव्हेंबर २०२३ रोजी केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने फसवणुकीचे १३ प्रकार नावानिशी सांगून त्यांना मनाई केली. वर्गणीत शिरणे सोपे आणि बाहेर पडणे अवघड करून ठेवणे हा त्यातला एक. जर्मनीत तर १ जुलै २०२२ पासून ‘रद्द करा’ अशी कळ ठळकपणे दाखविणे कायद्याने बंधनकारक झाले. अमेरिकेत तसाच नियम २०२४ साली झाला, तो २०२५ च्या जुलैत तिथल्या कोर्टाने रद्दबातल केला.

आत्याला २४ तास आधीचा निरोप आला होता. पाचही वेळा. इंग्रजीत. १८५९ चा कायदाही कागदावर निर्दोषच होता.

दोन्ही गोष्टींना एकाच मापाने मोजावे असे माझे म्हणणे नाही. रयतेचे वावर गेले, आत्याची तपकीर गेली; हा फरक मी जाणतो. पण २९९ हा आकडा असा निवडलेला असतो की ज्याच्या खात्यात पन्नास हजार आहेत त्याला तो टोचू नये, आणि ज्याच्या खात्यात पंधराशे आहेत त्याला तो वाचता येऊ नये.

मग आम्ही खत शोधावयास बसलो. ते अ‍ॅपमध्ये नव्हते, पैसे पाठविण्याच्या अ‍ॅपात ‘ऑटोपे’ नावाच्या कप्प्यात होते. तेथे कंपनीचे नाव, रक्कम, पुढली तारीख आणि कित्येक वर्षे पुढची अखेरची मुदत, सारे स्वच्छ लिहिलेले. खाली ‘रद्द करा’. ती कळ दाबताच फोनने पुन्हा चार आकडे मागितले.

आत्याने हात मागे घेतला. “परत आकडे? दाबले म्हणून तर गेले.”

“हे बंद करायचे आहेत.”

“कशावरून?”

मला उत्तर सुचेना. पडद्यावरचा शब्द न् शब्द मी तिला मोठ्याने मराठीत वाचून दाखविला, दोनदा. मग शेजारच्या मुलीला हाक मारून तिने तिच्याकडूनही तो वाचून घेतला. तिचे आणि माझे वाचन जुळले, तेव्हा आत्याने पाठमोरी होऊन आकडे दाबले.

१९१५ या ग्राहक हेल्पलाइनवर मी तक्रारही नोंदविली. कंपनीने शेवटच्या महिन्याचे २९९ रुपये परत केले आणि मागच्या चार महिन्यांविषयी नियमांचा एक लांबलचक उतारा पाठविला. पुढल्या महिन्यात भर पावसात आत्या बँकेत जाऊन पासबुक भरून आली. पंधराशेचे पंधराशे होते. ती काहीच बोलली नाही. पासबुक पुन्हा पदराखाली गेले.

परवा मात्र ती पुन्हा ओट्यावर आली. पाडव्याला बाजारातून एक लाल वही आण म्हणाली, लहानशीच.

“काय लिहायचंय?” मी विचारले.

“त्या सिनेमावाल्याकडं माझे अकराशे शहाण्णव निघत्यात. पुढं ओढून ठेव,” आत्या म्हणाली. “खाली निशाणी मी करीन.”