मोटार नोंदणी, आंबिवली

मध्य रेल्वेवर शहाड आणि टिटवाळ्याच्या मधले आंबिवली. इथल्या मोटारींच्या पाटीवर सहसा ‘एमएच ०५’ दिसते. ही कल्याण परिवहन कार्यालयाची संज्ञा. शेजारच्या ठाण्याची ‘०४’, नवी मुंबईची ‘४३’. मोटार वाहन कायदा, १९८८च्या कलम ३९नुसार नोंदणीविना गाडी रस्त्यावर आणता येत नाही.

नोंदणीचे खुद्द शुल्क जेमतेम ६०० रुपये. खिसा रिकामा होतो तो राज्याच्या एकरकमी वाहनकराने. वैयक्तिक मालकीच्या पेट्रोल मोटारीला दहा लाखांपर्यंतच्या किमतीवर ११ टक्के, डिझेलला १३ टक्के. म्हणजे आठ लाखांच्या पेट्रोल गाडीचा कर ८८,००० रुपये! पुढच्या टप्प्यांत दर चढतात. कंपनीच्या नावावर गाडी घेतली तर थेट २० टक्के.

कागदपत्रांत नमुना २०चा अर्ज, विक्री प्रमाणपत्र (नमुना २१), रस्तायोग्यतेचा नमुना २२, विमा आणि पत्त्याचा पुरावा लागतो. कर्ज असेल तर बोजाची नोंद वेगळ्या शुल्काने होते. बहुतेक धावपळ विक्रेताच करतो. उच्च सुरक्षा पाटी १ एप्रिल २०१९पासूनच्या नव्या गाड्यांना अनिवार्य आहे.

परराज्यातली गाडी बारा महिन्यांहून अधिक काळ इथे ठेवली, की मूळ कार्यालयाचा ना-हरकत दाखला, नवा क्रमांक आणि महाराष्ट्राचा कर आलाच. हा खटाटोप टाळावा म्हणून वारंवार बदली होणाऱ्या कर्मचाऱ्यांसाठी २०२१मध्ये ‘बीएच’ ही क्रमांकांची मालिका निघाली. खासगी मोटारीची नोंदणी १५ वर्षे चालते. नंतरच्या नूतनीकरणाचे शुल्क एप्रिल २०२२पासून ५,००० रुपये झाले.