ड्युटीवर डुलकी लागली म्हणून नोकरी जाऊ शकते? कोर्ट नेमकं काय तपासतं?

२६ ऑगस्ट १९८३. पुण्याच्या भारत फोर्ज कंपनीत पहिली पाळी सुरू होती. सकाळी ११ वाजून ४० मिनिटांनी एक हेल्पर कामाच्या जागीच लोखंडी प्लेटवर गाढ झोपलेला सापडला. खातेनिहाय चौकशी झाली, तो दोषी ठरला आणि कंपनीने त्याला बडतर्फ केलं. कामगार न्यायालयाला ही शिक्षा फारच कडक वाटली. वाद एकेक पायरी चढत सर्वोच्च न्यायालयात गेला. जानेवारी २००५ मध्ये, म्हणजे त्या झोपेनंतर तब्बल २१ वर्षांनी, बडतर्फी योग्य ठरली.

एका डुलकीपायी नोकरी? तसं नाही. याच कामगाराला आधी तीन वेळा गैरवर्तनाबद्दल किरकोळ शिक्षा देऊन सोडून दिलं होतं. चौथ्या वेळी बडतर्फ करणं अवाजवी नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं.

आता हे दुसरं प्रकरण बघा. कलर-केम कंपनीत पहाटे साडेतीनच्या सुमारास अचानक पाहणी झाली, तेव्हा मशीन सुरू आणि कामगार झोपलेले! बडतर्फ झालेले कामगार कोर्टात गेले. त्या पाळीतले त्यांचे सहकारीही झोपलेले आढळले होते. १९९८ मध्ये याच सर्वोच्च न्यायालयाने ही शिक्षा धक्कादायक वाटावी इतकी जास्त ठरवली आणि कामगारांना दिलासा दिला.

दोन्हीकडे झोप सिद्ध झाली होती. प्रश्न होता तो शिक्षेच्या मापाचा.

हे माप येतं कुठून?

महाराष्ट्रात १९७१ चा एक कायदा आहे. नाव लांबलचक आहे: कामगार संघांना मान्यता देण्याबाबत आणि अनुचित कामगार प्रथांना प्रतिबंध करण्याबाबत अधिनियम. वकील मंडळी त्याला 'पल्प' म्हणतात. त्याच्या चौथ्या अनुसूचीत मालकाने काय करू नये याची यादी आहे. सूडबुद्धीने काढणं, खोट्या प्रकरणात गोवणं, चौकशीत नैसर्गिक न्याय धाब्यावर बसवणं हे सगळं त्यात येतं. किरकोळ किंवा तांत्रिक चुकीसाठी, जुनी सेवा न पाहता, भलतीच मोठी शिक्षा देणं हीसुद्धा अनुचित प्रथाच. वरची दोन्ही प्रकरणं याच कायद्याखाली लढली गेली.

कोर्ट आधी चौकशी तपासतं. आरोपपत्र दिलं होतं का? साक्षीदारांची उलटतपासणी घेऊ दिली का? चौकशी अधिकाऱ्याचा निष्कर्ष पुराव्यावर उभा आहे का? इथे फौजदारी खटल्यासारखा 'संशयापलीकडे' पुरावा लागत नाही, आरोप खरा असण्याची शक्यता जास्त दिसली तरी पुरतं. चौकशी सदोष निघाली म्हणजे कामगार जिंकला, असंही नाही (हा गैरसमज खूप पसरलेला आहे). मालकाने तशी मागणी केली, तर त्याला कोर्टासमोर नव्याने पुरावा देऊन आरोप सिद्ध करता येतो.

मग येते शिक्षा. शिवीगाळीच्या बाबतीत कोर्टं कडक होऊ शकतात. महिंद्र अँड महिंद्रच्या प्रकरणात वरिष्ठाला अश्लील शिव्या देणाऱ्या कामगाराची बडतर्फी सर्वोच्च न्यायालयाने २००५ मध्येच कायम केली. केवळ सहानुभूतीपोटी शिक्षा कमी करता येत नाही, हा सूर त्या वर्षीच्या दोन्ही निकालांत आहे.

बडतर्फी चुकीची ठरली तर मधल्या काळाच्या पगाराचं काय? महाराष्ट्रातल्याच क्रांती कनिष्ठ अध्यापक महाविद्यालय प्रकरणात २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की, अशा वेळी मागील पगारासह परत घेणं हाच सर्वसाधारण नियम. मधल्या काळात कुठे कमाई नव्हती एवढं कर्मचाऱ्याने सांगावं, उलट सिद्ध करायचं असेल तर ते मालकाने करावं. खटला वीस वर्षं चालला तर ही रक्कम केवढी होईल, याचा अंदाज घ्या.

आणि हे संरक्षण फक्त मोठ्या कारखान्यांसाठी नाही. शनिवार पेठेतल्या छापखान्यातला कामगारही 'कामगार' ठरू शकतो. पदनाम काय लिहिलंय यापेक्षा रोजचं प्रत्यक्ष काम कोणतं, हे कोर्ट बघतं. म्हणून व्हिजिटिंग कार्डावर 'मॅनेजर' छापलं तरी तेवढ्याने हक्क जात नाही. खरोखर व्यवस्थापकीय काम करणाऱ्यांना मात्र हा दरवाजा बंद आहे.

'पल्प'खाली तक्रार करायची मुदत ९० दिवसांची. उशीर झालाच तर त्याचं पटणारं कारण द्यावं लागतं.