वेरावळचा किनारा आणि एक कॅमेरा

व्हेल शार्क हा जगातला सर्वांत मोठा मासा. प्लवकांवर जगणारा, माणसाच्या वाटेला न जाणारा. तरीही सौराष्ट्रात वेरावळच्या किनाऱ्यावर त्याची सर्रास शिकार होई. यकृताचे तेल होड्यांच्या लाकडाला चोपडत. पुढे मांसाला परदेशातून मागणी आली आणि शिकार वाढली.

माइक पांडे तिथे कॅमेरा घेऊन उतरले. वन्यजीव चित्रपटकाराने देखणी दृश्ये टिपावीत, एवढीच अपेक्षा असते. त्यांच्या ‘शोअर्स ऑफ सायलेन्स’ या चित्रपटाने ती ओलांडली. काठावर ओढून आणलेला अजस्र जीव आणि त्याची कापाकापी त्यांनी जशीच्या तशी दाखवली. ती बघवत नाही, पण चित्रपटाचे खरे बळ तिथेच आहे.

चित्रपट २००० सालचा. २००१ मध्ये व्हेल शार्कला वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत स्थान मिळाले. असे संरक्षण लाभलेला तो भारतातला पहिला मासा.