दारूदुकानाचा उपद्रव आणि रहिवाशांचे कायदेशीर हक्क

नवी दिल्ली : कानपूरच्या आझादनगर भागात शिशुवर्गात शिकणाऱ्या पाच वर्षांच्या मुलाच्या नावाने २०२४ मध्ये अलाहाबाद उच्च न्यायालयात जनहित याचिका दाखल झाली. शाळेलगतच्या दारूच्या दुकानापाशी मद्यपी गोंधळ घालतात, अशी तक्रार होती. दुकान शाळेच्या कितीतरी आधीपासून तेथे आहे, हा त्यावरचा प्रमुख बचाव होता. न्यायालयाने तो पूर्णपणे मान्य केला नाही. शाळा नंतर सुरू झाली तरी दुकानाला मिळणारे संरक्षण चालू परवान्याच्या मुदतीपुरतेच असते, असे स्पष्ट करून मार्च २०२५ नंतर परवान्याचे नूतनीकरण करू नये, असा निर्णय न्यायालयाने मे २०२४ मध्ये दिला.

‘आम्ही आधीपासून आहोत’ हे उत्तर देशभरातील रहिवाशांना ऐकावे लागते. मात्र मद्यविक्री हा मूलभूत हक्क नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने खोडे डिस्टिलरीज प्रकरणात १९९४ मध्येच म्हटले आहे. दुकान चालते ते परवान्यावर आणि परवान्याला मुदत असते. त्यामुळे नूतनीकरणापूर्वी जिल्हाधिकारी व उत्पादन शुल्क विभागाकडे नोंदवलेली लेखी हरकत वर्षाच्या मध्यात केलेल्या तक्रारीपेक्षा अधिक परिणामकारक ठरू शकते.

मद्य हा राज्यसूचीतील विषय असल्याने अंतराचे नियम ठिकठिकाणी वेगळे आहेत. शाळा व प्रार्थनास्थळांपासून दिल्लीत १०० मीटर, तर तमिळनाडूच्या शहरी भागात ५० मीटर अंतराची अट आहे. महामार्गालगतच्या दुकानांसाठी सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०१६ मध्ये ५०० मीटरची मर्यादा घातली. ती २० हजारांपर्यंत लोकसंख्येच्या स्थानिक संस्थांच्या हद्दीत २२० मीटर करण्यात आली आणि जुलै २०१७ मधील स्पष्टीकरणानंतर शहरी हद्दीतील दुकानांना तिचा जाच उरला नाही.

अंतराचा नियम पाळणारे दुकानही उपद्रवकारक ठरू शकते. बहुतेक वस्त्यांची खरी तक्रार हीच असते : रस्त्यावर मद्यपान, फुटलेल्या बाटल्या, आडवी लावलेली वाहने, महिलांना वाट बदलावी लागणे. अशा वेळी भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे कलम १५२ (पूर्वीचे फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम १३३) उपयोगी पडते. लोकांच्या आरोग्याला वा स्वास्थ्याला बाधक असलेला व्यवसाय बंद करण्याचा, हलवण्याचा किंवा नियंत्रित करण्याचा सशर्त आदेश कार्यकारी दंडाधिकारी देऊ शकतात. या अधिकाराचा वापर टाळण्याची मुभा प्रशासनाला नाही, हे रतलाम नगरपालिकेच्या १९८० मधील निकालाने अधोरेखित केले. त्या खटल्यात उघड्या गटारांबरोबरच मद्यार्क कारखान्याच्या सांडपाण्याचाही प्रश्न होता. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ९१ नुसार दोन किंवा अधिक व्यक्तींना न्यायालयाच्या परवानगीने दावाही लावता येतो. स्वतःचे वेगळे नुकसान दाखवावे लागत नाही.

दुकान सरकारी असले तरी जबाबदारी टळत नाही. केरळमध्ये मद्याची किरकोळ विक्री मुख्यतः सरकारी महामंडळ करते. त्रिशूरमधील अशा एका दुकानाच्या रांगांचा शेजाऱ्यांना होणारा त्रास उच्च न्यायालयात गेला. पुढे २०२१ मध्ये न्यायालयाने राज्यभरातील रांगांवरच बोट ठेवले आणि ग्राहकांना आत घेऊन विक्री करण्याच्या व्यवस्थेसाठी सरकारला पावले उचलावी लागली.

महाराष्ट्रात मतपेटीचा मार्ग आहे. २००८ च्या आदेशानुसार गाव किंवा प्रभागातील २५ टक्के महिला मतदारांनी वा एकूण मतदारांनी मागणी केल्यास गुप्त मतदान होते. ‘आडवी बाटली’ला यादीतील निम्म्याहून अधिक मते लागतात, झालेल्या मतदानाच्या नव्हे. म्हणजे घरी राहिलेला मतदार नकळत ‘उभ्या बाटली’च्या बाजूने मोजला जातो. नव्या दुकानांबाबत गृहनिर्माण संस्थेचे ना-हरकत प्रमाणपत्र सक्तीचे करण्याची घोषणा राज्य सरकारने मार्च २०२५ मध्ये विधिमंडळात केली.

मार्ग कोणताही असो, प्रकरण टिकते ते नोंदींवर. पोलिसांकडील तक्रारींच्या पोचपावत्या, तारीख-वेळेसह छायाचित्रे, मोजलेले अंतर आणि माहिती अधिकारात मिळवलेली परवान्याची प्रत यांना तेथे वजन असते. एकट्याच्या अर्जाकडे खासगी वाद म्हणून पाहिले जाण्याचा धोका असतो, म्हणून अर्जावर आजूबाजूच्या घरांच्या सह्या असणे हिताचे.