प्रश्न वेळेवर विचारला तर

आज एका माहितीपटापासून सुरुवात करतो. पीटर जॅक्सनचा ‘दे शॅल नॉट ग्रो ओल्ड’, २०१८ सालचा. पहिल्या महायुद्धाची कृष्णधवल दृश्यं त्यात रंगीत केली आहेत. तेव्हाचे कॅमेरे हाताने फिरवायचे, त्यामुळे चित्राचा वेग कमीजास्त. तो सारखा केलाय. ओठ वाचणाऱ्यांकडून सैनिक काय बोलत होते तेही शोधलंय. मी पडलो सॉफ्टवेअरवाला, पहिल्यांदा सगळं लक्ष या करामतींवरच होतं.

दुसऱ्यांदा नुसतं ऐकलं. निवेदक नाही, इतिहासकार नाही. बोलतात ते फक्त सैनिक. उवांचा त्रास, मशीनगन थंड ठेवणाऱ्या उकळत्या पाण्याचा चहा, असलं सगळं. हे आवाज बीबीसी आणि इम्पीरियल वॉर म्युझियमच्या जुन्या मुलाखतींमधले. बीबीसीने १९६४ च्या ‘द ग्रेट वॉर’ मालिकेसाठी तेव्हा हयात असलेल्या सैनिकांना गाठलं होतं. रंग शंभर वर्षांनीही भरता आला, पण प्रश्न माणूस असतानाच विचारावा लागला.

आता आपल्याकडे या. त्या युद्धात १० लाखांहून जास्त हिंदी सैनिक परदेशी गेले. मेसोपोटेमियात कुट-अल-अमाराच्या वेढ्यात मराठा पलटणीही होत्या. २९ एप्रिल १९१६ ला तिथे शरणागती झाली. त्या वेढ्यातल्या भुकेबद्दल मराठीत बोलणारा एकही आवाज मी ऐकलेला नाही.

काही हिंदी आवाज टिकले ते जर्मनांच्या कैदेत. बर्लिनजवळच्या व्युन्सडॉर्फ छावणीत ११ डिसेंबर १९१६ ला मल सिंग नावाचा पंजाबी शिपाई ध्वनिमुद्रण यंत्रासमोर बोलला. अभ्यासकांना हवी होती त्याची भाषा, आठवणी नव्हेत. तरी त्याने ‘एक माणूस होता’ असं म्हणत स्वतःचीच गोष्ट सांगितली: घरचं लोणी, युद्ध, कैद आणि परतीची ओढ. फिलिप शेफनरच्या ‘द हाफमून फाइल्स’ या २००७ च्या माहितीपटात हा आवाज आहे. जेमतेम दीड मिनिटाचा.

१९७१ च्या युद्धात विशीत असलेले जवान आज पंचाहत्तरीच्या आसपास आहेत. तुमच्या गावात, नात्यात कुणी असतील तर मोबाइल घेऊन बसा. पदक कशाबद्दल मिळालं इथून सुरू करू नका. जेवायला काय मिळायचं, घरी पत्रात काय लिहायचं टाळलंत, हे विचारा. आणि ते गप्प झाले तर रेकॉर्डिंग बंद करू नका, थोडं थांबा.

भेटू पुढच्या भागात.